‘त्सुकिहिमे’: एका जपानी शीर्षकाचा अर्थ टप्प्याटप्प्याने कसा लावावा

‘त्सुकिहिमे’ ही ‘टाइप-मून’ या तेव्हाच्या हौशी गटाने डिसेंबर २००० मध्ये तोक्योतील कॉमिकेट या स्वयंप्रकाशित साहित्याच्या मेळ्यात विक्रीस आणलेली व्हिज्युअल नॉव्हेल, म्हणजे संगणकावर चित्रांसह वाचायची आणि वाचकाच्या निवडीनुसार वेगवेगळी वळणे घेणारी कथा, आहे. तिचे लेखन किनोको नासु यांचे आणि चित्रे ताकाशी ताकेउचि यांची आहेत. मूळ आवृत्ती केवळ प्रौढांसाठी, म्हणजे अठरा वर्षांवरील वाचकांसाठी होती. शीर्षकाचा अभ्यास करण्यासाठी मात्र त्या प्रौढ प्रसंगांची गरज पडत नाही.

हे शीर्षक दोनच चित्रलिपी-अक्षरांचे असल्यामुळे ते सोपे वाटते, आणि तिथेच बहुतेकांची फसगत होते. कोणी ‘मून प्रिन्सेस’ हे इंग्रजी रूप उचलून त्याचे मराठी करतो, कोणी अक्षरांचे तुकडे पाडून त्यांत गूढ संदेश शोधतो, तर कोणी कथेतील आवडत्या पात्राला आधी राजकन्या ठरवून मग शब्दकोश उघडतो. या तिन्ही चुका कामाचा क्रम बिघडल्यामुळे होतात. अक्षर, उच्चार, कोशातील अर्थ, समासाचा विग्रह, सांस्कृतिक पडसाद आणि शेवटी कथा, हा क्रम पाळल्यास त्या टळतात. सहाव्या टप्प्यात कथेतील काही गोष्टी उघड होतात, म्हणून कृती अजून वाचलेली नसल्यास पाचव्या टप्प्यापाशी थांबावे.

तयारी

पहिली गोष्ट, शीर्षक रोमन लिपीतून घेऊ नये. रोमन लिपीत जपानी शब्दाचा केवळ नाद उतरतो आणि कोणते अक्षर लिहिले आहे ही माहिती पूर्णपणे गळून पडते. मूळ वेष्टनाचे किंवा अधिकृत पृष्ठाचे स्पष्ट चित्र मिळवून त्यावरची अक्षरे पाहावीत. जपानी टंकलेखन येत नसेल तर फोनवरील हस्तलेखनाचा कळफलक वापरावा, किंवा ‘जिशो’ या मोफत ऑनलाइन कोशात अक्षर बोटाने काढून शोधावे.

दुसरी गोष्ट, कोणत्या आवृत्तीचे शीर्षक वाचत आहोत ते आधी लिहून ठेवावे. २००० सालची मूळ कृती, २००३ सालची अ‍ॅनिमे मालिका आणि २०२१ सालची नवी आवृत्ती यांच्या शीर्षकांत ही दोन अक्षरे समान असली तरी भोवतालचे शब्द वेगळे आहेत. एकीच्या उपशीर्षकावरून दुसरीचा अर्थ लावणे ही वारंवार दिसणारी चूक आहे.

तिसरी गोष्ट, दोन प्रकारचे कोश हाताशी असावेत. ‘जिशो’ हा जपानी-इंग्रजी कोश प्राथमिक कामासाठी पुरेसा आहे. पण शब्दाचा वापर, त्याचे जुने अर्थ आणि त्याने बनलेले जोडशब्द पाहण्यासाठी ‘कोतोबँक’ या संकेतस्थळावरील जपानी-जपानी कोशांकडे वळावे लागते. जपानी वाचता येत नसेल तर त्या नोंदींचे यंत्राने भाषांतर करून घ्यायला हरकत नाही. मात्र यंत्राला कोशातील नोंदच द्यावी, शीर्षक देऊ नये. दोन अक्षरांच्या विशेषनामाला संदर्भ नसतो, त्यामुळे यंत्र सर्वांत रुळलेला पर्याय पुढे करते आणि बाकीच्या शक्यता आपल्या नजरेस पडतच नाहीत.

शेवटी वहीचे एक पान घेऊन त्याचे तीन रकाने करावेत: ‘लिहिलेले’, ‘संभाव्य’ आणि ‘कथेने सिद्ध’. पुढे हाती येणारा प्रत्येक अर्थ यांपैकी कोणत्या रकान्यात जातो हे ठरवल्याशिवाय पुढच्या टप्प्याकडे जाऊ नये.

टप्पा १: अक्षरे ओळखणे

पहिले अक्षर चंद्राचे आहे. ते चार रेघांत लिहितात: डावीकडे खाली येताना किंचित बाहेर वळणारी एक रेघ, वरून आडवी जाऊन उजवीकडे खाली उतरणारी आणि टोकाला आकडी असलेली दुसरी, आणि आत दोन आडव्या रेघा. हे अक्षर खालून उघडे असते. सूर्याचे अक्षर खालून बंद असते आणि त्याच्या आत एकच आडवी रेघ असते. लहान आकारातल्या धूसर चित्रात या दोहोंत सहज गल्लत होते.

दुसरे अक्षर दहा रेघांचे आहे. त्याच्या डाव्या अंगाला ‘स्त्री’ हे चिन्ह आणि उजव्या अंगाला एरवी ‘दरबारी सेवक’ या अर्थाने वापरले जाणारे चिन्ह दिसते. राजाची पत्नी या अर्थाचे एक अक्षरही असेच ‘स्त्री’च्या चिन्हाने सुरू होते, पण त्याचा उजवा भाग पुष्कळ सुटसुटीत, तीन रेघांचा असतो. शीर्षकात राजपत्नीचे अक्षर नाही हे इथेच नोंदवून ठेवावे, कारण आठव्या टप्प्यात ‘राणी’ हा शब्द नाकारताना याच नोंदीचा आधार लागणार आहे.

तपासणी: दोन अक्षरांच्या मध्ये काही आहे का ते पाहावे. जपानीत ‘चा-ची-चे’ या संबंधासाठी ‘नो’ हा प्रत्यय येतो, आणि तो या शीर्षकात नाही. ‘लिहिलेले’ या रकान्यात पहिली नोंद हीच जावी: दोन अक्षरे, मध्ये प्रत्यय नाही.

टप्पा २: उच्चार निश्चित करणे

बहुतेक चित्रलिपी-अक्षरांना जपानीत दोन प्रकारचे उच्चार असतात: एक चिनी भाषेतून आलेला आणि एक मूळ जपानी. चंद्राच्या अक्षराचे चिनी वळणाचे उच्चार ‘गेत्सु’ आणि ‘गात्सु’, तर जपानी उच्चार ‘त्सुकि’ आहे. दुसऱ्या अक्षराचा चिनी वळणाचा उच्चार ‘कि’ असून तो क्वचितच ऐकू येतो, आणि जपानी उच्चार ‘हिमे’ आहे. या शीर्षकात दोन्ही उच्चार जपानी वळणाचे आहेत. चिनी वळणाचा शब्द शास्त्रीय किंवा दरबारी भासला असता, तर जपानी वळणामुळे शीर्षकाला लोककथेचा आणि जुन्या गोष्टींचा सूर मिळतो. हा सूर अर्थाचाच भाग आहे, तेव्हा तो नोंदवावा.

जोडशब्दात दुसऱ्या घटकाचा पहिला वर्ण मृदू होण्याची जपानीची खोड आहे. ‘त्सुकि’ दुसऱ्या स्थानी आला की चंद्रकोरीच्या ‘मिकाझुकि’ या शब्दात तो ‘झुकि’ होतो. ‘हिमे’ हा शब्द मात्र सहसा बदलत नाही. काही पौराणिक देवीनामांत ‘बिमे’ असे रूप आढळते, पण गोष्टींतल्या नावांत आणि नव्या जोडशब्दांत ‘हिमे’च राहते.

उच्चाराच्या बाबतीत मराठी वाचकाला एक सोय आहे. ‘चूक’ किंवा ‘चूल’ या शब्दांतला दंततालव्य ‘च’ जपानी ‘त्सु’च्या अगदी जवळचा आहे. तोच ‘च’ तोंडात ठेवून ‘चुकिहिमे’ म्हटले तर उच्चार जवळपास बरोबर येतो. तोक्योच्या बोलण्यात पहिला ‘उ’ इतका पुसट होतो की कानाला ‘त्स्कि’ असेच ऐकू येते. ‘सुकिहिमे’ हा उच्चार टाळावा, कारण ‘सुकि’ म्हणजे ‘आवडते’, आणि त्यामुळे शब्दच वेगळा होतो. शेवटचा वर्ण स्पष्ट ‘मे’ आहे. रोमन अक्षरे इंग्रजी सवयीने वाचून केलेला ‘हाइम’ हा उच्चार चुकीचा आहे.

इशारा: नादावरून अर्थ लावू नये. ‘त्सुकि’ हाच नाद असलेला आणखी एक शब्द ‘झपाटलेपण’ या अर्थाचा आहे. कोल्ह्याने झपाटण्याला ‘कित्सुनेत्सुकि’ म्हणतात. कथा अतिमानवी शक्तींची असल्याने ‘झपाटलेली राजकन्या’ हा अर्थ मोहक वाटतो, पण त्या शब्दाचे अक्षर वेगळे आहे आणि शीर्षकात ते लिहिलेले नाही.

टप्पा ३: दोन्ही शब्दांचे कोशातील अर्थ

‘त्सुकि’ म्हणजे चंद्र, तसेच महिना. संदर्भाप्रमाणे चांदण्यासाठीही हा शब्द येतो. महिन्याचा अर्थ इथे लागू होत नाही, तो नोंदवून बाजूला ठेवावा. कोशात ‘त्सुकि’ने सुरू होणारे जोडशब्दही चाळावेत, कारण शब्द जोडले गेले की अर्थांची नुसती बेरीज होत नाही. ‘त्सुकिकागे’ हा शब्द चंद्र आणि सावली या दोन शब्दांचा असला तरी त्याचा अर्थ चांदणे असा होतो, कारण जुन्या जपानीत ‘कागे’ हा शब्द प्रकाशासाठीही वापरला जात असे.

‘हिमे’ या शब्दावर अधिक वेळ द्यावा लागतो. तो राजाच्या मुलीपुरता मर्यादित नाही. थोर घराण्यातील मुलगी, आदराने उल्लेखलेली तरुण स्त्री, गोष्टीतील नायिका, आणि वस्तूंच्या किंवा वनस्पतींच्या नावापुढे ‘लहान, नाजूक’, असे त्याचे निरनिराळे उपयोग आहेत. लहान सफरचंदाला ‘हिमेरिंगो’ म्हणतात. शीर्षकात ‘हिमे’ शेवटी आहे, त्यामुळे ‘लहान’ हा अर्थ संभवत नाही, कारण तो शब्दाच्या आरंभीच येतो. उरतो तो थोर कुळातील तरुण स्त्रीचा अर्थ. मराठीतील ‘राजकन्या’ या शब्दात राजा गृहीत असतो, ‘हिमे’मध्ये तो गृहीत नसतो, आणि या फरकाचा उपयोग कथेशी ताडून पाहताना होतो.

‘हिमे’ची व्युत्पत्ती सहसा ‘हि’ आणि ‘मे’ या दोन शब्दांपासून, म्हणजे ‘सूर्य’ आणि ‘स्त्री’ यांच्यापासून, सांगितली जाते. चंद्राच्या शेजारी सूर्य दडलेला आहे हे वाचून अनेकजण हरखून जातात. पण आजच्या जपानी वाचकाला ‘हिमे’ वाचताना सूर्य आठवत नाही. व्युत्पत्ती म्हणजे शब्दाचा इतिहास असतो, लेखकाने त्यातून काही सुचवले आहे असे मानण्यासाठी स्वतंत्र पुरावा लागतो. तो मिळेपर्यंत ही गोष्ट कोणत्याच रकान्यात जात नाही.

इशारा: अक्षराचे तुकडे पाडून त्यातून गोष्ट रचू नये. ‘स्त्री’ आणि ‘दरबारी सेवक’ ही चिन्हे पाहून ‘जिच्या सेवेला दरबारी उभे असतात ती’ असे स्पष्टीकरण पुष्कळ ठिकाणी दिले जाते. जुन्या लेखनात उजवीकडे दरबारी सेवकाचे चिन्ह नव्हतेच. तिथे केवळ उच्चार दाखवणारे दुसरे चिन्ह होते, आणि पुढे लेखन सोपे होताना त्याला आजचे रूप आले. चंद्राच्या अक्षराचेही तसेच आहे. छाती, मेंदू, दंड अशा अवयवांच्या अक्षरांत डावीकडे अगदी चंद्रासारखे दिसणारे चिन्ह असते, परंतु ते मुळात मांसाचे चिन्ह आहे. रक्तपिपासूंच्या कथेच्या शीर्षकात मांस शोधण्याचा मोह यावरून होतो, पण स्वतंत्र उभे असलेले हे अक्षर चंद्राचेच आहे.

टप्पा ४: समासाचा विग्रह

या शीर्षकाचा खरा प्रश्न इथे आहे. दोन नामे प्रत्ययाविना जोडली आहेत, आणि त्यांच्यातील संबंध वाचणाऱ्याने ठरवायचा आहे. शाळेत शिकलेले समास मराठी वाचकाच्या इथे थेट कामाला येतात.

प्रथम बहुव्रीही वगळावा. ‘चंद्रमुखी’ या शब्दातले मुख तिसऱ्याच कोणाकडे, म्हणजे त्या स्त्रीकडे, बोट दाखवते. ‘त्सुकिहिमे’मध्ये शेवटचा शब्दच व्यक्तीचा आहे, बाहेरची व्यक्ती शोधण्याची गरज नाही. शेवटचे पद प्रधान आहे, म्हणून तत्पुरुष आणि त्याचाच पोटप्रकार कर्मधारय एवढेच पाहावे. त्यांचे पुढील विग्रह संभवतात.

षष्ठी तत्पुरुष: चंद्राची हिमे. यातही दोन छटा आहेत. चंद्र हे राज्य असेल तर ती तिथल्या राजघराण्यातली, आणि चंद्र ही व्यक्ती असेल तर ती त्याच्या कुळातली.

सप्तमी तत्पुरुष: चंद्रावर राहणारी, किंवा चांदण्यात दिसणारी हिमे.

उपमेचा कर्मधारय: चंद्रासारखी हिमे. शीतल, एकाकी, परप्रकाशी, कलेकलेने बदलणारी, यांपैकी कोणते साम्य अभिप्रेत आहे ते शब्द सांगत नाही.

रूपकाचा कर्मधारय: चंद्र हीच हिमे.

यांतला एक ताबडतोब निवडावा असे वाटते, पण इथे निवड करू नये. त्याऐवजी जपानीत ‘हिमे’ने संपणारी नावे कशी चालतात ते पाहावे. ‘ओरिहिमे’ ही तानाबाता सणाच्या कथेतील विणणारी राजकन्या, ‘उताहिमे’ ही गाणारी. या दोन्ही नावांत पहिला घटक त्या स्त्रीचे काम सांगतो. ‘शिरायुकिहिमे’ हे हिमगौरीचे जपानी नाव ‘शुभ्र हिमासारखी’ अशा उपमेवर उभे आहे. ‘ओयायुबिहिमे’ ही अंगठ्याएवढी मुलगी, म्हणजे इथे साम्य आकाराचे. ‘निंग्योहिमे’ ही मत्स्यकन्या असलेली राजकन्या, म्हणजे पहिला घटक तिची जात सांगतो. एकाच साच्यातून काम, रूप, आकार आणि जात असे चार संबंध निघतात. चंद्र हे काही काम नव्हे आणि आकारही नव्हे. त्यामुळे जपानी कानाला ‘त्सुकिहिमे’ ऐकताना रूप किंवा मूळ यांतले काहीतरी सुचते, आणि यांपैकी नेमके कोणते हे शीर्षक मुद्दाम उघडे ठेवते असे माझे मत आहे.

तपासणी: ‘संभाव्य’ रकान्यात निदान तीन विग्रह लिहिलेले असावेत. एकच असेल तर मागे जाऊन ‘नो’ प्रत्यय नसल्याची नोंद पुन्हा वाचावी, कारण मनातल्या मनात तो प्रत्यय घालून वाचले गेले आहे.

टप्पा ५: सांस्कृतिक पडसाद तपासणे

जपानी वाचकाला चंद्र आणि हिमे एकत्र दिसले की पहिली आठवण कागुयाहिमेची येते. बांबूतोड्या म्हाताऱ्याची ही गोष्ट जपानी गद्यकथांत सर्वांत जुनी मानली जाते. बांबूच्या पेरात सापडलेली तेजस्वी मुलगी पाच उमराव विवाहेच्छूंना अशक्य कामे सांगते, आणि अखेर आठव्या महिन्याच्या पौर्णिमेला चंद्रलोकीचे दूत तिला घेऊन जातात. जाताना अंगावर घातलेल्या पिसांच्या वस्त्रामुळे ती माणसांविषयीची माया विसरते. मनुष्याने प्रेम करावे आणि जिने परत जावे अशी ही चंद्रलोकीची स्त्री शीर्षकाच्या मागे उभी असते. मात्र ‘त्सुकिहिमे’ हे कागुयाहिमेचे दुसरे नाव नाही. शीर्षकाचा अर्थ ‘कागुयाहिमे’ असा लिहिणे ही चूक आहे. फक्त तिचा पडसाद आहे एवढेच म्हणता येते.

दुसरा पडसाद तपासून नाकारावा लागतो. जपानी पुराणांत चंद्राचा देव त्सुकुयोमि असून तो सहसा पुरुषरूपात कल्पिलेला आहे, आणि सूर्य ही त्याची बहीण आमातेरासु आहे. म्हणजे आपल्याकडे चंद्र पुल्लिंगी आहे तसाच काहीसा तिथेही आहे. चंद्राच्या स्त्रीरूपाची कल्पना शीर्षकात पुराणातून आलेली नसून गोष्टीतून आलेली आहे. त्यामुळे ‘चंद्रदेवी’ हा अर्थ बाद होतो.

तिसरा पडसाद बारीक आहे. रक्तपिपासूसाठी जपानी शब्द ‘क्यूकेत्सुकि’. त्यातला शेवटचा ‘कि’ हे राक्षसाचे अक्षर आहे. ‘हिमे’च्या अक्षराचा चिनी वळणाचा उच्चारही ‘कि’च असल्याने राक्षसाच्या जागी राजकन्येचे अक्षर घालून ‘रक्तपिपासू राजकन्या’ असा खेळ जपानी कथासाहित्यात केला जातो. आपल्या शीर्षकात उच्चार ‘हिमे’ आहे, त्यामुळे हा खेळ कानाला ऐकू येत नाही, पण डोळ्यांना त्याची चाहूल लागू शकते. म्हणून त्याची जागा ‘संभाव्य’ रकान्यात.

पडसाद स्वीकारण्याआधी स्वतःला दोन प्रश्न विचारावेत: सामान्य जपानी वाचकाला हे सहज आठवेल का, आणि कृतीतील एखादी गोष्ट त्याला दुजोरा देते का? पहिल्याचे उत्तर नाही असेल तर तो पडसाद आपल्या मनातला आहे. चंद्रावरचा ससा जपानमध्येही दिसतो आणि आपल्या ‘शशांक’ या शब्दातही आहे. तो आपल्याला आठवतो याचा आनंद जरूर मानावा, पण शीर्षकाच्या अर्थात त्याला आणू नये.

टप्पा ६: कथेशी ताडून पाहणे

इथून पुढे कथेतील गोष्टी येतात.

नायक शिकि तोनो याला वस्तूंवरच्या मृत्यूच्या रेषा दिसतात. त्याची गाठ पडते ती आर्कुएइड ब्रुनस्टड या रक्तपिपासू स्त्रीशी, जिला या विश्वात ‘शिन्सो’, म्हणजे मूळ पूर्वजांच्या कुळातली ‘हिमेगिमि’, असे म्हटले जाते. ‘हिमे’ हा शब्द असा थेट तिच्या उपाधीत आहे. पुढे आलेल्या पूरक साहित्यात या कुळाचा आदिपुरुष ‘आकाइ त्सुकि’, म्हणजे ‘रक्तवर्ण चंद्र’, या नावाने येतो. त्यामुळे ‘चंद्राच्या कुळातली हिमे’ हा षष्ठीचा विग्रह ‘कथेने सिद्ध’ या रकान्यात जातो. ‘हिमे’मध्ये राजा गृहीत नसतो ही तिसऱ्या टप्प्यातली नोंद इथे उपयोगी पडते, कारण आर्कुएइड कोणा राजाची मुलगी म्हणून ‘हिमे’ नाही. तिच्या कथानकाच्या एका शेवटात येणारा निरोपही कागुयाहिमेच्या पडसादाला बळ देतो.

बहुतेक वाचक इथे थांबतात, आणि त्यांचा अर्थ अपुरा राहतो. मूळ कृतीत पाच नायिकांची पाच कथानके आहेत: आर्कुएइड, सिएल, आकिहा, हिसुइ आणि कोहाकु. पहिल्या दोघींची कथानके चंद्राच्या दर्शनी बाजूची आणि उरलेल्या तिघींची पलीकडच्या बाजूची मानली जातात. चंद्र पृथ्वीला नेहमी एकच बाजू दाखवतो, हे लक्षात घेतले की ही विभागणी किती नेमकी आहे ते कळते. पलीकडच्या बाजूच्या कथानकांत आर्कुएइड जवळजवळ नसतेच, आणि तोनो घराण्याच्या वाड्यातले दडपलेले सत्य समोर येते. शिवाय सर्व कथानके संपल्यावर उघडणाऱ्या उपसंहाराचे नाव ‘गेश्शोकु’, म्हणजे चंद्रग्रहण, असे आहे. तेव्हा चंद्र एका नायिकेपुरता नाही, तो संपूर्ण कृतीची रचना आहे. ‘हिमे’ आर्कुएइडची आणि ‘त्सुकि’ सगळ्यांचा, अशी शीर्षकाची वाटणी मला सर्वांत पटते.

तपासणी: अर्थ फक्त एका कथानकाला लागू पडत असेल तर तो अर्धा आहे. निदान एका पलीकडच्या कथानकाशी तो ताडून पाहिल्याखेरीज पुढे जाऊ नये.

टप्पा ७: उपशीर्षके आणि संबंधित शीर्षके

मूळ कृतीला ‘ब्लू ब्लू ग्लास मून, अंडर द क्रिमझन एअर’ असे इंग्रजी उपशीर्षक आहे. ते जपानी शीर्षकाचे भाषांतर नाही, इतकेच काय, त्यात राजकन्याही नाही. निळा, काचेचा म्हणून ठिसूळ चंद्र आणि खाली लाल हवा, एवढेच चित्र आहे. म्हणून त्याचा उपयोग पुरावा म्हणून करावा, अर्थ म्हणून करू नये. त्यावरून आपण केलेला ‘कृतीभर पसरलेला चंद्र’ हा निष्कर्ष पक्का होतो. ऑगस्ट २०२१ मध्ये आलेल्या नव्या आवृत्तीच्या पहिल्या भागाचे नाव ‘अ पीस ऑफ ब्लू ग्लास मून’ आहे आणि त्यात आर्कुएइड व सिएल यांचीच कथानके आहेत. पलीकडच्या बाजूच्या भागासाठी ‘द अदर साइड ऑफ रेड गार्डन’ हे नाव ठरले. जुन्या उपशीर्षकातील निळा रंग एका बाजूला आणि लाल दुसऱ्या बाजूला गेला, असे मी वाचतो.

२००३ च्या अ‍ॅनिमे मालिकेच्या नावात ‘त्सुकिहिमे’च्या आधी ‘शिंगेत्सुतान’ असा शब्द आहे. त्याची अक्षरे ‘खरा’, ‘चंद्र’ आणि ‘आख्यान’ अशी आहेत, पण ‘शिंगेत्सु’ हाच नाद अमावास्येनंतरच्या नवचंद्राचाही आहे. इंग्रजीत तिला ‘लूनर लेजंड’ म्हटले गेले आणि ‘खरा’ हा शब्द वाटेत गळला. अधिकृत भाषांतर म्हणजे अचूक भाषांतर नव्हे, याचा हा उघड नमुना आहे. २००१ मधील ‘कागेत्सु तोया’ या पुढील कृतीच्या नावात ‘गीत’, ‘चंद्र’, ‘दहा’, ‘रात्र’ अशी अक्षरे आहेत. ती स्वप्नात पुन्हा पुन्हा घडणाऱ्या दिवसांची कथा आहे. इथेही चंद्र आहे आणि राजकन्या नाही.

टप्पा ८: मराठीत लिहिणे

आता मराठी शब्द निवडायचा. हे काम सर्वांत शेवटी असण्याचे कारण असे, की मराठी शब्द एकदा मनात बसला की तो मागच्या सगळ्या नोंदींवर सावली टाकतो.

‘चांदणीची राजकन्या’ हे रूप हिंदीतून मजकूर घेणाऱ्यांच्या लेखनात शिरते. हिंदीत ‘चाँदनी’ म्हणजे चंद्रप्रकाश, मराठीत ‘चांदणी’ म्हणजे तारा. त्यामुळे शीर्षकातला चंद्रच नाहीसा होतो. ‘चंद्रराणी’ चालत नाही, कारण पहिल्या टप्प्यात पाहिल्याप्रमाणे राजपत्नीचे अक्षर शीर्षकात नाही. ‘चंद्राची राजकन्या’ अर्थाने चुकीचे नाही, पण जपानीत नसलेला षष्ठीचा प्रत्यय त्यात उघडपणे येतो आणि बाकीचे विग्रह बंद होतात. ‘चंद्रकन्या’ सुटसुटीत असले तरी ते चंद्राची मुलगी एवढेच सांगते, आणि ‘हिमे’तील थोरवी निसटते. ‘चंद्रकुमारी’ हा पर्याय मला सर्वांत जवळचा वाटतो. तो प्रत्ययाविना आहे, समास उघडा ठेवतो, आणि ‘राजकुमारी’ या शब्दाची आठवण मागे असल्याने उच्चकुलीनतेची छटा टिकते. त्याचा सूरही आपल्या गोष्टींच्या पुस्तकांतला आहे, आणि दुसऱ्या टप्प्यात नोंदवलेल्या लोककथेच्या सुराशी तो जुळतो.

लेखात किंवा परीक्षणात मूळ नाव ‘त्सुकिहिमे’ असेच ठेवावे, पहिल्या उल्लेखानंतर ‘चंद्रकुमारी’ हा अर्थ एकदाच द्यावा, आणि पुढे पुन्हा मूळ नावच वापरावे. अर्थाची टीप लिहायची असल्यास ती तीन वाक्यांत बसते. पहिल्या वाक्यात अक्षरे आणि त्यांचे कोशातील अर्थ द्यावेत. दुसऱ्यात समास उघडा असल्याचे सांगून कथेने सिद्ध होणारा विग्रह द्यावा. तिसऱ्यात कागुयाहिमेचा पडसाद, ‘पडसाद’ हाच शब्द वापरून, नोंदवावा. टीप वाचणाऱ्याने कृती वाचलेली नसेल तर ‘रक्तवर्ण चंद्र’ आणि निरोपाचा शेवट यांचा उल्लेख गाळावा, आणि विग्रहाच्या जागी ‘चंद्राशी नाते असलेली थोर कुळातील तरुणी’ एवढेच लिहावे.